डोहाळ्याचा टमाटा

लक्ष्मीबाईंना डोहाळा लागला तो टोमॅटोचा, आणि तोही भर वैशाखात. चिंच नको, कैरी नको. लालबुंद, एका हातात मावणार नाही असा टोमॅटो हवा! चौऱ्याहत्तर सालची गोष्ट. उन्हाळ्यात आमच्या येलदरीच्या बाजारात कांदे आणि सुकलेली वांगी सोडून काही मिळत नसे. पण त्यांचे यजमान भगवानराव, धरणाच्या कचेरीतले कारकून आणि आमचे भिंतीपलीकडचे शेजारी, छाती फुगवून म्हणाले, "हात्तिच्या! आपल्या मोरीपाशी तीन लटकायलेत की."

लटकत होते खरे. मोरीच्या पाण्यावर पोसलेले, नारळाएवढे तीन टोमॅटो. पण हिरवेगार. आणि लक्ष्मीबाईंची आई सरजाबाई रविवारी गंगाखेडहून येऊन, सोमवारी सकाळच्या एस.टी.नं लेकीला पहिल्या बाळंतपणाला घेऊन जाणार होती. म्हणजे त्याआधी एक तरी पिकायला हवा.

"डोहाळा ऱ्हायला तर लेकराचा कान फुटतो म्हणं," मी सहज बोलून गेले.

भगवानरावांनी डोळे वटारले. "वैनी, आमी बुद्धाला मानणारी माणसं. असल्या खुळ्या गोष्टी मानत न्हाई." आणि लगेच बादली उचलून वेलाला पाणी घालायला पळाले.

पाणी तरी किती घालावं माणसानं! सकाळी घातलं, कचेरीतून जेवायला आले की घातलं, संध्याकाळी पुन्हा घातलं. पहिला टोमॅटो पाणी पिऊन पिऊन देठापासून बुडापर्यंत टरकन फाटला. दुसरा त्यांनी हिरवाच तोडला आणि लवकर पिकावा म्हणून पत्र्यावर उन्हात ठेवला. आमच्याकडचं ऊन ते! पिकायचं सोडून त्याची एक बाजू पांढरी पडली आणि कातडं सुरकुतलं. आम्ही दोघी इतक्या हसलो की लक्ष्मीबाईंना उचकी लागली.

"आवं, ऱ्हाऊ द्या. मी कैरीच खाते," त्या म्हणाल्या. पण त्यांचं तोंड एवढंसं झालेलं मला दिसलं, आणि भगवानरावांनाही दिसलं.

उरला एक. त्याच्यावर त्यांनी स्वतःची छत्री बांधली. शेजारी जुनी चप्पल टांगली. ती पाखरांसाठी आहे, दृष्टीसाठी नाही, हे येणाऱ्याजाणाऱ्याला बजावून सांगितलं. मग तिथेच पाट टाकून राखणीला बसले. शुक्रवारी टोमॅटोच्या बुडाशी नखाएवढी लाली दिसली तेव्हा त्यांची आरोळी धरणापर्यंत गेली असेल.

मी म्हटलं, "तोडा आता, अन् आमच्या आंब्याच्या अढीत घाला. एवढ्या उनात येलावर त्यो पिवळाच ऱ्हाईल."

"अढीत? टमाटा?" ते उडालेच. "येलावर पिकंल त्यालाच गोडी असती, वैनी. आईपासून लेकरू वढून काढावं का?"

"दिवस भरले की काढावंच लागतं की! लाली आली म्हंजी झाडानं द्यायचं ते दिलं. आता निस्ती सावली अन् ऊब पायजे."

लक्ष्मीबाईंनी मान डोलावली, तेव्हा कुठे त्यांनी तो तोडला. दोन्ही हातांच्या ओंजळीत धरून, पायाखाली बघत, आमच्या आतल्या खोलीत आणला. गव्हाच्या काडात, पाडाला आलेल्या आंब्यांमध्ये निजवला. पुढे दर घटकेला स्वारी हजर! चाचपून चाचपून माझ्या चार आंब्यांचा त्यांनी लगदा केला. रविवारी सरजाबाई आल्या तेव्हा टोमॅटो नारिंगी होता. जावई अढीत तोंड खुपसून बसलेला बघून त्या मला हळूच म्हणाल्या, "ह्यांना बरं न्हाई का?"

सोमवारी एस.टी. फाट्यावर येऊन उभी राहिली. बोचकी चढली, सरजाबाई चढल्या. भगवानराव मात्र बायकोला सोडायचं टाकून चपलांसकट माझ्या घरात घुसले, दोन्ही हात काडात घातले आणि ओरडले, "झाला!"

देठापर्यंत लाल झाला होता. ते तसेच पळत सुटले, डोक्यात काड, मागे मी, माझ्यामागे कुत्री. कंडक्टरनं घंटी मारली होती. भगवानराव गाडीपुढे आडवे झाले. ड्रायव्हर शिव्या देतोय, सरजाबाई कपाळावर हात मारतायत, आणि लक्ष्मीबाईंनी दारातच उभं राहून टोमॅटोचा चावा घेतला. रस कोपरापर्यंत ओघळला. सगळी गाडी बघत होती. पण त्यांनी सगळा संपवला, देठसुद्धा चोखला.

"कसा हाय?" भगवानरावांनी विचारलं.

तोंड भरलेलं, डोळे भरलेले. त्यांनी नुसती मान हलवली आणि रसाचा हात नवऱ्याच्या पांढऱ्या सदऱ्याला पुसला. गाडी हलली. तो सदरा घालून भगवानराव तसेच कचेरीत गेले, आणि कुणी डागाकडे बघितलं की खूश होत होते.

मुलगी झाली, सुजाता. आता चार वर्षांची आहे. कान ठणठणीत आहेत. कुणाचं ऐकत नाही एवढंच. तिला मांडीवर घेऊन भगवानराव आल्यागेल्याला त्या टोमॅटोची गोष्ट सांगतात.

"तसली गोडी पुन्हा न्हाई," असं म्हणून ते डोळे मिटतात.

त्यांच्या वाट्याला त्याची एक फोडसुद्धा आली नव्हती, हे मी आणि लक्ष्मीबाई कुणालाही सांगत नाही.