काकांचं ओलं अंगण

अख्ख्या डिलाईल रोडवर अंगणावर इतका जीव लावणारा आणि त्याच अंगणात कोणाला पाय ठेवू न देणारा माणूस एकच, आमच्या चाळीच्या तळमजल्यावरचे काका. गिरणीत ते सुताला खळ लावायचे. संपात गिरणी गेली, खळ गेली, पण लावायची खोड काही गेली नाही. पुढे बऱ्याच वर्षांनी चाळीच्या अंगणात पेव्हर ब्लॉक बसले, बिल्डरांकडे कामं करून काका ब्लॉकवर सीलर, म्हणजे डाग मुरू नयेत म्हणून वार्निशसारखा लेप, मारायला शिकले, आणि आमचे हाल सुरू झाले. दर वर्षी गणपतीचा गुलाल ब्लॉकमध्ये मुरतो म्हणून आधी घासणं, मग फटींत वाळू भरणं, मग अनवाणी उभं राहून रोलर फिरवणं. त्यानंतर चोवीस तास संचारबंदी! काका स्टूल टाकून पहाऱ्याला. "पाय ठेवशात तर याद राखा!" एकदा मांजर गेलं तर पठ्ठ्याने अख्खी रांग खरवडून पुन्हा मारली. दूधवाला तर फाटकातूनच हाका मारायचा.

अशाच एका सकाळी, सीलर ओलं असताना, माझ्या आईच्या छातीत कळ आली. टॅक्सी फाटकाशी, मध्ये ते अंगण. मी आईला उचलून जिन्याखाली आणलं, खुर्चीत बसवलं आणि, खोटं कशाला बोलू, क्षणभर काकांच्या तोंडाकडे पाहिलं. काका माझ्यावरच खेकसले, "बघतस काय मेल्या? उचल!" खुर्चीची एक बाजू त्यांनी धरली आणि सरळ ओल्यातून निघाले. "घाबरा नको गे वयनी, मी आसंय."

आई वाचली. पंधरा दिवसांनी घरी आली तेव्हा फाटकापर्यंत पावलांच्या दोन रांगा वाळून बसल्या होत्या, काकांची अनवाणी, माझी चपलांची. आई ओशाळली. "भावोजी, माझ्यापायी तुमचं काम बिघडलं हो."

"माणसाक भायर जावक मेळाक नाय, तर आंगण कित्याक?" काका म्हणाले. चोवीस तासांची संचारबंदी लावणारा माणूस हे बोलतो! पण पावलांच्या त्या रांगा त्यांनी कधी खरवडल्या नाहीत.

आई त्यानंतर नऊ वर्षं जगली. ती गेली, आणि वर्षभरात चाळ पाडायची ठरली. शेवटच्या दिवशी सगळे बोचकी बांधत होते आणि काका उकिडवे बसून त्या पावलांवर ब्रशने सीलर मारत होते.

"काका, उद्या पाडणार आहेत ना?"

"उद्या ना? रात्री पावस इलो तर?"

मला हसू आलं आणि रडूही आलं. मी चपला काढल्या आणि दुसरा ब्रश घेतला.