परक्या चेहऱ्यांवरचा उजेड

माझा धाकटा भाऊ मधू उभे आयुष्य फ्रान्समध्ये चित्रपटांचे छायाचित्रण करीत होता. नटीचा चेहरा जिथे येणार, तिथे आधी स्वतःचा हात धरून तो उजेड पारखत असे. त्याची पत्नी सुमती मात्र सांगलीतच राहिली. परवा दुपारी रुग्णालयात तिची अखेर जवळ आली होती आणि मी उशाशी नामस्मरण करीत बसलो होतो. फ्रान्सहून धावत आलेल्या मधूने तिच्या गालाजवळ हात धरला, खिडकीकडे पाहिले.

“जरा इकडे वळतेस?”

ती क्षीण हसली. “जन्मभर परक्या बायकांची तोंडं उजळलीत. भाऊजींसमोर सांगते, आता माझं कुणाला दाखवायचंय? लावा ती खिडकी, आणि बसा इथं.”

सूर्याला आम्ही जगाचा नेत्र मानतो, रोज अर्घ्य देतो. त्या घटकेला वाटले, ज्याने सारा जन्म प्रकाशाची उपासना केली, त्याच्या दृष्टीतूनही घरचे माणूस निसटावे, ही केवढी शिक्षा!

मधूने खिडकीच्या लाकडी झडपा लावल्या आणि तिचा हात हातात घेतला. खोलीत काळोख झाला. तिचा श्वास थांबला, हे त्याला त्या हातातून कळले. मला, त्याच्या हुंदक्यातून.