न झालेल्या भांडणाचा फ्लेक्स

"मॅडम, हा फोटो तुमचाच ना?"

जजसाहेबांनी मोबाइल पट्टेवाल्याकडे दिला आणि त्याने तो माझ्यासमोर धरला. फोटो एका फ्लेक्सचा होता. मधोमध काळा कोट आणि पांढरा बँड घातलेली मी, दोन्ही बाजूंना जबडा उघडलेले वाघ. वर लाल अक्षरांत लिहिलं होतं, 'भर कोर्टात जजला खडे बोल सुनावणाऱ्या आमच्या वाघीण वकील मॅडम यांचे हार्दिक अभिनंदन'. खाली गॉगल लावलेले डझनभर शुभेच्छुक. फ्लेक्स कोर्टाच्या अलीकडच्याच चौकात लागला होता, म्हणजे साहेबांची गाडी रोज जाते त्याच रस्त्यावर.

"हो, मीच आहे. पण सर, हे कधी झालं?"

"तेच मी तुम्हाला विचारतोय," साहेब म्हणाले.

मी चक्रावून गेले. बेलापूरच्या या कोर्टात माझे केस पिकले, पण मी कुठल्या जजला वर तोंड करून बोलले नाही. अर्ज फेटाळला तरी 'ऑब्लाइज्ड, सर' म्हणून वाकून बाहेर पडणारी बाई मी. साहेबांनी शांतपणे सांगितलं की हे त्यांना हायकोर्टाला कळवावं लागेल, पण त्याआधी माझं म्हणणं ऐकायचंय. दुपारी या म्हणाले.

इथे थोडं समजावून सांगते. कोर्टाचा अवमान दोन प्रकारचा असतो. कोर्टाचा हुकूम मुद्दाम मोडला तर तो दिवाणी. कोर्टाची इभ्रत घालवणारं किंवा न्यायाच्या कामात अडथळा आणणारं काही बोललं, लिहिलं, छापलं, तर तो फौजदारी. फ्लेक्स या दुसऱ्यात येऊ शकतो. आमच्या खालच्या कोर्टाला त्याची शिक्षा स्वतः देता येत नाही, जज हायकोर्टाला रिपोर्ट पाठवतात आणि पुढचं तिथे. तुरुंगही होऊ शकतो. वकील असेल तर सनद, म्हणजे वकिलीचा परवानाच, धोक्यात. मला काळजी होती ती त्या सनदेची.

शुभेच्छुकांमध्ये सगळ्यात मोठा चेहरा जनार्दनदादांचा होता. दादा माझे अशील, ऐरोलीच्या गावठाणातले. त्यांच्या घरामागच्या दोन खोल्या शेजारच्या बिल्डरला पाडायच्या होत्या. आम्ही स्टे मागितला होता, म्हणजे केसचा निकाल लागेपर्यंत खोल्यांना हात लावू नये असा हुकूम. युक्तिवाद नुकताच संपला होता आणि साहेबांनी ऑर्डर राखून ठेवली होती. हेच साहेब.

बाहेर येऊन दादांना फोन लावला.

"आवडला का, मॅडम?" दादा खुशीत होते. "ऐरोलीला याच्यापेक्षा मोठा लावलाय."

मी कधी भांडले, असं विचारलं, तर म्हणाले, "त्या दिवशी नाय का? केवढ्यानं बोलत व्हताव तुमी. साहेब खाली मान घालून निसते लिवीत व्हते."

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. युक्तिवादाच्या दिवशी बाहेर ब्रेकर लावून रस्ता फोडत होते. स्टेनोला ऐकू जाईना, म्हणून साहेबांनीच मला इंग्रजीत मोठ्याने बोलायला सांगितलं होतं. मी घसा ताणून 'विथ ग्रेट रिस्पेक्ट' आणि 'ॲज युवर ऑनर प्लीजेस' म्हणत होते. मागच्या बाकावर दादांपर्यंत नुसता आवाज पोचला होता, आणि माझे हातवारे.

दुपारपर्यंत जेवण गेलं नाही. दादांचं नाव फ्लेक्सवर छापलेलंच होतं, तेव्हा लपवण्यासारखं काही नव्हतं. प्रश्न एवढाच की 'माझा याच्याशी संबंध नाही' म्हणून हात झटकायचे का. झटकले तर माझी सनद वाचणार होती. पण दादांवर रिपोर्ट जाणार आणि त्यांच्या दोन खोल्यांची ऑर्डर त्याच टेबलावर पडलेली. मला दादांचा भयंकर राग आला होता. तरी मी बोलावल्यावर ते कोर्टात येऊन बाकावर बसले, इस्त्रीचा शर्ट घालून, जणू सत्कारालाच आलेत, आणि माझ्याच्याने हात झटकवेनात.

साहेबांना मी जे घडलं ते सगळं सांगितलं. शेवटी मी म्हणाले, "सर, यांना इंग्रजी येत नाही आणि आत काय चाललं होतं ते मी यांना सांगितलेलं नाही. रिपोर्ट पाठवायचाच असेल तर दोघांचा पाठवा."

साहेबांनी दादांना पुढे बोलावलं.

"मॅडम माझ्याशी भांडल्या, असं वाटलं तुम्हाला?"

"व्हय साहेब."

"मग मी काय केलं?"

दादा जरा विचारात पडले. "तुमी ऐकून घेतलाव, साहेब. म्हनून तर फ्लेक्स लावला."

मागे कुणीतरी हसलं. साहेबांनी चष्मा काढून पुसला आणि बराच वेळ पुसत राहिले. मग सांगितलं की दोन्ही फ्लेक्स आजच उतरवा, दोघांनी लेखी बिनशर्त माफीनामा द्या, रिपोर्ट पाठवत नाही. माफीनामा मी लिहिला. कशाबद्दल माफी मागतोय, हे दादांनी सही करताना मला दोनदा विचारलं.

पुढच्या आठवड्यात ऑर्डर आली. स्टे मिळाला. घराच्या जुन्या घरपट्टीच्या पावत्या, बिल्डरच्या नकाशातली चूक, सगळं मुद्देसूद लिहिलं होतं. फ्लेक्सचा एका शब्दाने उल्लेख नव्हता. कॉरिडॉरमध्ये मी दादांना ऑर्डर मराठीत समजावली. म्हटलं, कागद पक्के होते म्हणून मिळाला, भांडणामुळे नाही, भांडण झालंच नव्हतं.

दादांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं बघितलं.

"मॅडम, सरकारनं शहरासाठी शेती घेतली तवा मोर्चा काढला, म्हनून बदल्यात प्लॉट गावला. नळाला पन भांडलो. भांडल्याबिगर आमाला आजवर काय गावलाय, सांगा."

आता प्रत्येक तारखेनंतर मी अशिलाला बाहेर बसवून, आत मी काय बोलले आणि साहेब काय बोलले, ते मराठीत सांगते. फ्लेक्स लावायचा नाही, हेही सांगते. अशिलाला ऑर्डर समजावता येते, पण ती न भांडता मिळाली, हे कसं समजावायचं ते मला अजून जमलेलं नाही.