दहा रगडे

आमच्या हेंद्रेपाड्यातल्या बैठ्या चाळीत कुणाकडे काय शिजतंय हे मला झाकण उघडण्याआधीच कळतं, असं लोक म्हणतात. खोटं आहे. झाकण ठेवण्याआधी कळतं. पण शेजारच्या सुदामभाऊ गमऱ्यांकडे दहा वर्षं काय चाललं होतं, ते काही मला कळलं नाही. आणि मधली भिंत जेमतेम चार इंचांची!

सुदामभाऊ अंबरनाथच्या एका कारखान्यात फिटर. त्यांच्या वडिलांनी छप्पन साली धम्म स्वीकारला, तेव्हापासून त्या घरात भूत नाही, पितर नाही, नवस नाही. मुलगी एकच, नीलिमा, कॉलेजात सायन्सला. तिच्या डोक्यात दुर्बीण शिरली. विकत घ्यायची ऐपत कुणाची? बापलेकीने सिंध्यांच्या कॅम्प पाचमधल्या भंगारवाल्याकडून तोडलेल्या बोटीच्या खिडक्यांच्या जाड गोल काचा आणल्या. "साईं, इसमें से मछली देखोगे क्या?" असं त्याने विचारलं म्हणे.

एक काच पिंपावर घट्ट बसवायची, वर कुरुंदाची खरखरीत पूड, आधी जाड, मग बारीक, आणि पाणी, त्यावर दुसरी काच रगडायची, आणि रगडता रगडता पिंपाभोवती फिरायचं. हळूहळू वरच्या काचेला खळगा पडतो, तोच दुर्बिणीचा आरसा. दहा रगडे बापाचे, दहा लेकीचे. रोज संध्याकाळी साडेपाचला घर्र घर्र सुरू.

"एवढं करून बघणार काय गं?" मी एकदा विचारलं.

"दगड, मालिनीकाकू."

"अगं, बारवी धरणाच्या वाटेवर ढिगाने पडलेत. ठेच फुकट."

ती हसली. "हा मंगळ आणि गुरूच्या मधला आहे. इथून कल्याण जेवढं लांब, तेवढाच मोठा. त्याला नाव पण नाही, नुसता नंबर. फेब्रुवारीत जवळ येतोय. मग इतका जवळ दहा वर्षांनीच."

ही पंच्याऐंशीच्या दिवाळीतली गोष्ट. जाड पूड संपून अगदी बारीक पूड चालू होती. नीलिमाने सवयीने ओढणीला हात पुसला. ओढणीत आधीची जाड पूड अडकलेली. त्यातला एक कण काचेखाली गेला आणि आरशावर बोटभर ओरखडा उमटला. भिंतीपलीकडून मी शब्द न् शब्द ऐकला. सुदामभाऊ ओरडले, "आठ महिन्यांची माती केलीस!"

चार दिवसांनी नीलिमाचे डोळे पिवळे दिसायला लागले. कावीळ. तिसऱ्या आठवड्यात गेली.

पुण्यानुमोदनाचा विधी झाला, पाहुणे परतले, आणि दुसऱ्या दिवशी साडेपाचला पुन्हा घर्र घर्र. मी पोळी लाटत होते. दहा रगडे. मग शांतता. बरोबर दहा रगड्यांइतकी. मग परत दहा.

असं रोज. माझी जीभ तुम्हाला माहीतच आहे. नळावर मी म्हणाले, "गमऱ्यांकडे भूत काच घासतंय बाई, पण आवाज न करता." बायका हसल्या. मीही हसले, पण साडेपाचला लाटणं आपोआप थांबायचं. त्या शांततेत कुणीतरी पिंपाभोवती फिरतंय असं वाटायचं.

पंच्याण्णवच्या ऑक्टोबरात नीलिमाची आई, चांगुणाबाई, माझ्या दारात आल्या.

"मालिनीताई, आमच्याकडे भूत आहे म्हणता म्हणे."

"जळली माझी जीभ, अहो मी आपली गंमत…"

"आम्ही भूत मानत नाही. मानत असतो तर बरं झालं असतं."

मला हाताला धरून घरात नेलं. ट्रंकेतून ओढणीत गुंडाळलेली काच काढली. "तिचा आरसा हा. दहा वर्षांत ह्याला हात लावला नाही त्यांनी. रगडतात ती दुसरीच भंगारातली काच. झिजली की नवी आणतात. ओरखडा घालवायचा तर जाड पुडीपासून सुरुवात, म्हणजे तिच्या हातचं सगळं पुसायचं. ओरखडा ठेवला तर तिचा तो दगड दिसणार नाही, असं त्यांचं म्हणणं. फेब्रुवारीत तो परत येतोय. आता चुकला तर पुढच्या खेपेला आम्ही असू का?"

चोंबडेपणा कधीतरी कामी यावा! अंबरनाथला तिचे कॉलेजातले सर होते, सगळे अण्णा म्हणायचे. रविवारी त्यांना रिक्षात घालून आणलं. सुदामभाऊंनी माझ्याकडे असं बघितलं की मी चहाचे कप विसळायच्या निमित्ताने मोरीत गेले.

अण्णांनी काच उजेडात धरली. "सुदामराव, ओरखड्याने काही बिघडत नाही. चिमूटभर उजेड वाया जाईल, एवढंच. आरसा उत्तम आहे."

"म्हणजे तिने काही माती केली नव्हती?"

"छे हो."

चांगल्या बातमीने माणूस इतका खचलेला मी पाहिला नाही. सुदामभाऊ पिंपाला धरून खालीच बसले.

ओरखडा तसाच ठेवून त्यांनी आरशाला चकाकी आणली, चांदी चढवून घेतली, पत्र्याच्या नळीत बसवला. फेब्रुवारीत आम्ही चाळीमागच्या शेतात उभे राहिलो. आठ वाजले असतील. पहिल्या दिवशी त्यांनी दिसले ते सगळे ठिपके कागदावर उतरवले. दुसऱ्या दिवशी तोच कागद घेऊन बघितलं. तारे जागच्या जागी, एक ठिपका मात्र सरकला होता.

"आला," ते म्हणाले. पोटभर बघितलं आणि बाजूला झाले.

दुर्बिणीपाशी कुणीच नव्हतं. मी आपली पुढे सरकले. मागून चांगुणाबाईंनी माझं मनगट धरलं.

"थांबा," त्या हळूच म्हणाल्या. "आता पाळी लेकीची."