आमच्या गावात मुकं यायचं

भूत, करणी, चकवा असल्या गोष्टींवर माझा कधीच विश्वास नव्हता, अन् खरं सांगायचं तर आजही नाही. माझे वडील निजामाच्या राज्यात चकलांब्याला मास्तर होते. शाळा उर्दू, पण घरी त्यांनी मला मराठी लिहाय-वाचायला शिकवलं. कुणाच्या अंगात आलं की ते म्हणायचे, "आधी पोटात काय गेलंय ते बघा." अशा घरात मी वाढले. तरी हे लिहितेय... कारण हे ऐकीव नाही. माझ्या अंगणात, दिवसाढवळ्या घडलेलं आहे.

माझं लग्न झालं ते बीड जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाला. धर्मापुरीच्या पलीकडे, बालाघाटाच्या डोंगरात हिवरदरा नावाचं खेडं होतं. तिथं सासरचं किराणा दुकान. घरात थोरले दीर, जाऊबाई, माझे मालक आणि मी. जाऊबाईंना मी आक्का म्हणायचे. त्यांना मूलबाळ नव्हतं. तोंड मात्र असं तिखट, की दुकानात घासाघीस करणारं गिऱ्हाईक आतून आक्कांचा आवाज आला की गपगुमान माल उचलायचं. मलाही रोज एखादा आहेर असायचाच.

गावात एक गोष्ट माझ्या लगेच ध्यानात आली – मुकी माणसं लई. जन्माची मुकी नव्हेत. त्यांना ऐकू सगळं यायचं, आधी बोलतही होती म्हणे. मला वाटलं, पाण्याचा दोष असेल. आक्कांना विचारलं तर जवारी निवडता निवडता म्हणाल्या, "पाणी कशाचं? गावात मुकं येतं."

"म्हंजी?"

"उन्हाळ्यात. वर्साला एकडाव, भर दुपारी. समदा आवाज बंद होतो. तवा माणसानं तोंड उघडायचं न्हाई, बस. ज्याचं उघडं घावंल त्याचा आवाज घिऊन जातं. एकाचा घेतला की जातं."

मी हसले. आक्का हसल्या नाहीत.

"हसती कावून? म्हून तर लेकुरवाळ्या चैतात म्हायेरी जात्यात. तान्ह्या लेकराला कोण सांगणार, तोंड मिट म्हून?"

पुढच्या चैत्रात माझी गौरा अजून रांगतही नव्हती. मी माहेरी निघणार, तेवढ्यात वडिलांचा निरोप आला – गावात प्लेग शिरलाय, लोक शिवारात खोपटं घालून राहिलेत, येऊ नका. माझं सगळं चित्त त्या प्लेगात. मुक्याचं नावही डोक्यात नव्हतं.

वैशाखातल्या एका दुपारी मालक परळीला माल आणायला गेलेले, दीर दुकानात. मी पडवीत गौरेला झोळीत निजवत होते. आक्का अंगणाच्या त्या बाजूला, गोठ्यापाशी भांडी घासत होत्या. पाणी प्यायला म्हणून मी तांब्या उचलला अन् तो हातातून निसटला. दगडी पायरीवर आपटला, उड्या घेत अंगणात गेला...

आवाज झाला नाही.

आधी वाटलं, मला भोवळ आली. पण समोर आक्कांनी राखेच्या हातानं स्वतःचं तोंड दाबून धरलेलं, अन् दुसऱ्या हातानं मला खुणावत होत्या – मिट, मिट! मी ओठ मिटले. गळ्यातलं इष्टलिंग मुठीत घट्ट धरलं.

मग मला कोंबड्या दिसल्या. सगळ्या जागच्या जागी थिजून दाराकडे बघत होत्या. गोठ्यातली गायसुद्धा. दारात काहीच नव्हतं, नुसतं ऊन. पण त्यांच्या माना हळूहळू वळत होत्या... सगळ्यांच्या एकदम. दारापासून रांजणाकडे. रांजणापासून पडवीकडे.

गौरा जागी झाली होती. तोंड वासून रडत होती.

मी तिला ओढून घेतलं अन् तोंडावर हात दाबला. ती तडफडली. ओठ निळे पडायला लागले. हात काढला की तोंड उघडं, दाबला की श्वास बंद. आपल्याच हातानं आपलं लेकरू मारतोय असं झालं... शेवटी मी हात काढला. गाईची नजर आता थेट आमच्यावर होती. भर वैशाखात माझ्या पायांना गार लागलं. ओल्या मातीत उभं राहावं तसं गार.

तेवढ्यात आक्का उठल्या. अंगणाच्या मधोमध आल्या अन् त्यांनी तोंड उघडलं. छाती बडवत, पाय आपटत ओरडत होत्या. गळ्याच्या शिरा तटतटलेल्या. ओठांवरून मला एवढंच कळलं – "हिकडं! हिकडं ये!"

गाईची मान वळली. कोंबड्यांच्या वळल्या. आक्कांकडे.

अन् धाडकन सगळे आवाज परत आले. गौरेचं रडणं, कोंबड्यांचा कलकलाट, दुकानातून दिरांच्या हाका... आक्का मात्र तशाच उभ्या. अजून ओरडत होत्या. आवाज नव्हता.

परळीच्या वैद्यानं घसा पाहिला, बीडच्या हकिमानं पाहिला. घसा ठणठणीत. प्लेग ओसरल्यावर वडील आले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, आक्कांपुढं हात जोडले अन् मला एवढंच म्हणाले, "पोरीला घेऊन इथून निघा." असल्या गोष्टींना जन्मभर हसणारा तो माणूस त्या दिवशी हसला नाही.

माझा नातू डॉक्टरकी शिकतो. तो म्हणतो, शॉक बसला असणार, हिस्टेरिया. असेल. मग गाईची मान कशानं वळली?

आम्ही परळीला बिऱ्हाड हलवलं. दीर दुकान सोडायला तयार नव्हते, म्हणून आक्का मागं राहिल्या. गाडी जुंपली, तेव्हा मी त्यांच्या गळ्यात पडले. म्हटलं, "आक्का, तुमी तर पार समोर होता. तुमाला काई दिसलं का?"

 कुणी 'लेकरू केवढं झालं?' विचारल्यावर आपण दाखवतो ना, तसा त्यांनी तळवा जमिनीकडे करून गुडघ्याशी धरला.

एवढंसं.

कुणाचं लेकरू, ते मला आजवर कळलेलं नाही.