ताडकळसची आत्या समुद्रावर

पनवेलला गाडी बदलताना आत्यानं पुन्हा बजावलं, "बघ, समुद्र पटला तरच बोलीन."

ताडकळसला शेळ्या राखणारी माझी आत्या मोठी बोलघेवडी. मी परभणीत बसून कोकण सहलीचं एक विनोदी कार्टून बनवत होते. त्यातल्या प्रवासी बाईला मला आत्याचाच आवाज हवा होता. पण "न पाह्यलेलं कसं सांगू?" म्हणून ती अडून बसली. शेवटी तिला घेऊनच निघाले.

मालवणजवळच्या एका खेड्यात सकाळी पोचलो. आम्ही उतरणार होतो त्या घरामागंच समुद्र आहे, असं तिथल्या मालकीणबाईंनी फोनवर सांगितलं होतं. मागं जाऊन पाहिलं तर नुसती ओली वाळू आणि काळे खडक. पाणी पार टोकाला, चकाकत्या रेघेसारखं.

"ताई, समुद्र कुठाय वो?" आत्यानं विचारलं.

"आता सुकती (ओहोटी) आसा. दुपारी भरती येतली."

"सुकला? मंग मासे मेले असतील की!"

मालकीणबाई हसत सुटल्या. मी समजवायला गेले, चंद्राचं नाव काढलं, तशी आत्या आणखीच गोंधळली. जेवताना गुलाबी सोलकढी (आमसूल आणि नारळाच्या दुधाचं पेय) समोर आली. "हे प्यायचं का ह्यात हात धुवायचे?" तिनं हळूच विचारलं.

जेवून मी ओट्यावर चित्रं काढत बसले. मान वर केली तर वाळूवर पाणीच पाणी, आणि आत्या कुठंच नाही. हाका मारत धावले. मालकीणबाईंचं करडू खडकावर अडकलं होतं. त्याला खांद्यावर टाकून आत्या मांडीएवढ्या पाण्यातून येत होती.

"त्या मुक्या जिवाला काय कळतंय?" ती धापा टाकत म्हणाली. मग काठावर बसून लुगडं पिळता पिळता पाण्याकडं बघू लागली. "कालव्याला सोडल्यावानी आलं की गं. वर कुणी सोडलं?"



परतीच्या गाडीत पूर्णा स्टेशन येईपर्यंत ती गप्पच. आवाज गेला हातचा, असं मी धरून चालले. ताडकळसला पोचलो तशा शेजारणी जमल्या. "कसा हाय समुद्र?"

आत्यानं मला खुणावलं, "लाव तुझं ते आवाज धरायचं यंत्र." आणि बोलू लागली, "लय मोठा हाय. पण एका जागी बसत न्हाई. आमी गेलो तवा घरी नव्हता. जेवून बघतो तर दारात हजर!"

बायका हसून हसून वाकल्या.

आवाज मिळाला. पण माझ्या कार्टूनात पहिल्या चित्रापासून निळाशार समुद्र पसरलाय. तो पुसायला घेतलाय खरा. आता घरी नसलेला समुद्र काढायचा कसा, हे काही केल्या कळत नाही.