विसाव्याची जमीन

कॅनडातल्या आमच्या क्री लोकांत शिकारीची प्रत्येक हद्द एका जाणत्याच्या हाती असते. वास्वानिपी गावाच्या उत्तरेची हद्द माझ्या मामाकडे, अ‍ॅबेल नीपोशकडे होती. सापळे कुणी कुठे लावायचे आणि कुठे नाही, हे तो ठरवी. त्यातही 'नाही' म्हणायची त्याला भारी हौस. त्यापायी सख्ख्या भावांशी वाकडं आलं, तरी तो बधला नाही.

वरचं खोरं त्याने विसाव्याला सोडलं होतं. पाण्यात बांध घालणारे बीव्हर वाढावेत, मूस हरणांना थारा मिळावा, म्हणून तिथे कित्येक वर्षं कुणी सापळा लावला नव्हता. मी एकदा कुरकुर केली.

"तुझं पोट भरलंय रे, डोळे भरत नाहीत," मामा म्हणाला. "ते खोरं किटीसाठी आहे."

किटी त्याची मुलगी, आमच्यातली सगळ्यात चांगली शिकारी.

मग लाकूड कंपनीचा साहेब गावच्या सभेत आला. नकाशा पसरून त्याने गोड आवाजात विचारलं, "या खोऱ्यात कोण शिकार करतं?"

"कुणीच नाही!" मामा छाती काढून म्हणाला. "कुणाची टाप आहे? मी करूच देत नाही."

आपण जमीन किती नीट राखली, हे ऐकून साहेब खूश होईल असं त्या भोळ्याला वाटलं. साहेबाने ऐकलं ते एवढंच, की खोरं रिकामं आहे. हिवाळ्यात यंत्रं आली. आयत्या बिळावर नागोबा! मामाने कचेरीत जाऊन घसा कोरडा केला, तर साहेब हसून म्हणाला, "अहो, तुम्हीच सांगितलंत ना?" खोऱ्यात आता नुसते बुंधे आणि चिखल. माझं डोकं अजून फिरतं, साहेबावर आणि थोडं मामावरही.

यंदा कंपनीची नजर पश्चिमेच्या तळ्यावर गेली. तेही विसाव्यालाच सोडलेलं. मामाने किटीला बोलावलं.

"तळ्यावर तंबू ठोक. सापळे लाव. कंपनीला धूर दिसला पाहिजे."

"बाबा, बर्फ वितळतंय. माद्या गाभण असतील आता."

"मला शिकवतेस? मीच शिकवलंय ना तुला ते!"

किटीने सापळ्यात सापडलेली बीव्हरची मादी आणली. तिच्या पोटात पिल्लं निघाली. मामाने रिवाजाप्रमाणे तिची हाडं तळ्यात सोडली आणि मोठ्याने तिची माफी मागितली. किटीने त्या मांसाला हात लावला नाही.

पुढच्या सभेत साहेबाने तळ्यावर बोट ठेवलं. "इथे कोण शिकार करतं?"

"आम्ही करतो," मामा म्हणाला, आणि किटीकडे न बघता खाली बसला.